राहिलेली हजेरी

“सिमेंटचं पोतं डोक्यावर घेऊन मी उतारावरून येत होतो, तेवढ्यात वरची दरड हलली,” मोफ्या सांगत होता. कॅमेऱ्याकडे तो बघतच नव्हता. “आधी बारीक माती गळली. वारुळाला काठी लावल्यावर गळते ना, तशी. मी ओरडलो, ‘वर या रे!’ खाली चरात अकरा जण होते. सगळे माझ्या टोळीचे. मान वर करायलासुद्धा कुणाला सवड मिळाली नाही.”

“साल कोणतं?” फेलिस्ता कबासोनं कॅमेऱ्यामागून विचारलं.

“अठ्ठावन्न. ऑक्टोबर महिना. असाच उकाडा होता.”

फेलिस्ताच्या बाहीला कुणीतरी ओढलं. आवाजाचं यंत्र सांभाळणारा लेव्हिसन जेरे डोळ्यांनी खुणावत होता. तिनं कॅमेरा थांबवला आणि मुसुकूच्या झाडामागे गेली.

“काय रे?”

“मॅडम, हा बुवा आपल्याला शेंडी लावतोय,” जेरे कुजबुजला. “बघा की त्याच्याकडे. चाळिशीचा असेल फार तर. अठ्ठावन्न साली ह्याचा बापसुद्धा नागडा फिरत असेल. आणि हा म्हणतो, मी पोतं घेऊन येत होतो!”

फेलिस्ता हसली. “तुम्हा उंदीरखाऊंना कशातलं काही कळत नाही हेच खरं.”

“आणि तुम्हा माकडखाऊंना साल मोजता येत नाही!”

आमच्याकडे अंगोनी आणि बेम्बा ह्या दोन जमातींची माणसं एकमेकांशी थट्टेनं असंच बोलतात. त्यावरून जो चिडेल तोच वेडा. फेलिस्ता बेम्बा आणि जेरे पूर्वेकडचा अंगोनी, त्यामुळे त्याला लुआपुला नदीकडच्या रीती ठाऊक असण्याचं काही कारण नव्हतं.

“हे बघ,” फेलिस्ता म्हणाली, “अठ्ठावन्न सालचा मोफ्या ह्या टोळीचा मुकादम होता. तो दोन हजार एकला म्हातारा होऊन गेला. आमच्यात माणूस गेला तरी नाव खाली पडू देत नाहीत. बहिणीच्या मुलाला बसवलं, पाणी पाजलं, मनगटात पांढरा मणी बांधला. त्या दिवसापासून हाच मोफ्या. ह्याची स्वतःची आई ह्याला दादा म्हणते. मामाचं घर ह्याचं, मामाचं काम ह्याचं, मामाची आठवणही ह्याचीच. मग ‘मी’ नाही म्हणणार तर काय म्हणणार?”

“म्हणजे मेलेला माणूस बोलतोय?”

“मेलेला कुठे? समोर बसलाय की धडधडीत. जा, माइक धर.”

मोफ्यानं पुढचा तासभर सांगितलं. शेवटी अकरा नावं घेतली. चरात जसे ओळीनं उभे होते तशीच, वरच्या टोकाकडून खाली. एकाही नावाशी तो अडला नाही. म्हातारा मामा मरेपर्यंत रोज त्याच्याकडून ती नावं वदवून घ्यायचा. चुकलं तर पुन्हा पहिल्यापासून.

*

फेलिस्ताला चोपन्न वर्षं आणि साडेदहा महिने झाले होते. पंचावन्न पुरी झाली की सरकारी माहिती खात्यातून ती निवृत्त होणार होती. तिनं आजवर एकतीस माहितीपट केले होते. पटकी झाल्यावर मीठ-साखरेचं पाणी कसं पाजावं, कसावाला कीड लागली तर काय करावं, मतपत्रिकेची घडी कशी घालावी. लोकांनी ते पाहिले, पटकीतून वाचलेसुद्धा, पण करणारी कोण हे कुणाला विचारावंसं वाटलं नाही. आणि तिलाही त्याचं वाईट वाटत नसे. वाईट वाटायचं ते एकाच गोष्टीचं.

एक्याण्णव साली एका नदीवर पूल झाला, त्यावर तिनं फिल्म केली होती. तिथे चाळीस वर्षं होडी चालवणारा एक नावाडी दहा मिनिटं बोलला होता. पुलामुळे त्याचं पोट गेलं होतं. साहेब म्हणाले, हे कापा. तिनं कापलं. पुढे त्याच गावात चादर ताणून फिल्म दाखवली, तेव्हा नावाडी कोट घालून पहिल्या रांगेत बसला होता. फिल्म संपली. माणसं उठून गेली. तो तसाच बसून राहिला आणि मग अगदी साधेपणानं म्हणाला, “बाई, दुसरं रीळ लावताय ना?” तेव्हापासून ह्या बाईच्या मनात ते शब्द काट्यासारखे रुतून बसलेले.

आता हा बत्तिसावा, शेवटचा माहितीपट. कान्सेंगा धबधब्यावरच्या वीजघराला साठ वर्षं होत होती, नवं टर्बाइन बसत होतं. पाण्यातून वीज आपल्याकडे कशी आली, पहिली तार कुठे गेली, पहिला दिवा कुठे लागला, हा सगळा इतिहास चाळीस मिनिटांत हवा होता. पहिला दिवा खाणीत लागला होता आणि तारेखालच्या गावांत तो यायला पुढे तेहतीस वर्षं गेली, हे तर तिनं घेतलंच होतं. पण ही अकरा नावं कुठल्याच कागदावर नव्हती. तिनं मनाशी पक्कं केलं, नावं आत येणार. नाहीतर फिल्म जाणार नाही.

*

“नाही जमणार,” वीजघराचे व्यवस्थापक कापाम्पा म्हणाले. त्यांनी मोफ्याचं बोलणं शेवटपर्यंत ऐकलं होतं. माणूस वाईट नव्हता. बाहेर भारनियमन चालू असताना स्वतःच्या कचेरीतला पंखाही बंद ठेवणारा होता. “हे पाहा बाई, बांधकामाचा अहवाल माझ्याकडे आहे. एकोणसाठ सालचा. त्यात स्पष्ट लिहिलंय, कामावर जीवितहानी नाही.”

“लिहिणाऱ्यानं लिहिलं.”

“लिहिलंय ना? मग ते खोडायला साक्षीदार लागतो. डोळ्यांनी पाहिलेला. ह्या माणसाचं ओळखपत्र मी पाहिलंय, जन्म एकोणीसशे अठ्ठ्याहत्तर. लुसाकाच्या मुख्य कार्यालयात मला विचारतील, तेव्हा हा कुठे होता? काय सांगू, आईच्या पोटातही नव्हता म्हणून?”

“सांगा, हा मोफ्या आहे. तुम्ही म्पोरोकोसोचे, आपल्याच मुलखातले. तुम्हाला का मी समजावून सांगायचं?”

कापाम्पांनी चष्मा पुसला. “मला कळतं हो. मी ह्या खुर्चीत बसून कळून घेऊ शकत नाही एवढंच. तेवढा तुकडा कापा.”

“नाही कापणार.”

“बाई, तुमची निवृत्ती दीड महिन्यावर आली. कशाला ताप करून घेता?”

“म्हणूनच. माझ्यानंतर इथे कॅमेरा घेऊन कोण येणारेय?” असं म्हणून फेलिस्ता उठली. दारापर्यंत गेली आणि वळून म्हणाली, “दहा दिवस द्या मला.”

*

पहिले दोन दिवस फुकट गेले. त्या कामावरचे सगळे म्हातारे केव्हाच मातीआड गेले होते. मिशनच्या दवाखान्यातले जुने कागद वाळवीनं खाल्लेले. जेरे वैतागला. “मॅडम, धबधब्याचं छान चित्रण झालंय. पाणी पडतंय, चाक फिरतंय, दिवा लागतोय. अजून काय पाहिजे?”

“तू गप बस.”

तिसऱ्या दिवशी दुपारी दोघं चितालु आजींकडे जेवायला बसली होती. ऐंशीच्या पुढची म्हातारी, चरात गेलेल्या चोलाची धाकटी बहीण. कसावाच्या पिठाची घट्ट न्शिमा, वर चिसेन्से नावाची बारीक मासळी. जेरेनं पहिला घास घेतल्यावर आजी म्हणाल्या, “खा बाबा, खा. उंदीर नाहीत ह्यात, गोड मानून घे.”

तेवढ्यात अंगणात सायकल आली. एनिड नावाची तिशीची शिक्षिका, शाळा सुटल्यावर आलेली. तिला बघताच आजी गुडघे टेकून खाली बसल्या, ओंजळ करून हलकेच टाळ्या वाजवल्या आणि म्हणाल्या, “दादा, किती उशीर केलात! मी वाट बघत बसले.”

“जेवलीस का गं तू?” एनिडनं विचारलं. अगदी थोरल्या भावाच्या आवाजात. “औषध घेतलंस? खोटं बोलू नकोस.”

आजी लहान मुलीसारख्या खाली बघायला लागल्या. जेरेला हसू आवरेना. फेलिस्ताचा घास मात्र हातातच राहिला.

“आजी, हिच्याकडे चोलाचं नाव कधी आलं?”

“हिच्याकडे चार वर्षांमागे. मुलगा उरला नाही घरात, म्हणून हिला बसवलं. हिच्या आधी माझा मावसभाऊ चोला होता. त्याच्या आधी धाकटा भाऊ.”

“धाकट्याला कधी बसवलं?”

“चर कोसळला त्याच्या पुढच्या वर्षी. पीक घरात आल्यावर.”

“आजी, जिवंत माणसाचं नाव दुसऱ्याला देतात का हो?”

“अगं बाई गं!” आजींनी तोंडावर हात मारला. “भलतंच काय बोलतेस? असं केलं तर तो जिवंत माणूस तडफडून मरेल ना! शहरात राहून डोकं फिरलं की काय तुझं?”

फेलिस्तानं घास तोंडात टाकला, घाईघाईनं गिळला आणि जेरेच्या पाठीत धपाटा घातला. “ऊठ.”

“अहो, जेवतोय ना!”

“एकोणसाठ सालच्या अहवालात म्हणे कुणी मेलं नाही. आणि त्याच वर्षी इथे अकरा घरांत नावं दिली गेली असतील. जिवंत माणसांची? ऊठ, आपल्याला हिच्यासारखे नाव चालवणारे सगळे शोधायचेत.”

*

सहा दिवस ती गावोगाव फिरली. जीप दोनदा रुतली. पुढे मोफ्या बसायचा, मागे जेरे यंत्र पोटाशी धरून धक्के खायचा.

कापेंब्वा सापडला तो मासे मारणारा. जाळं सोडून यायला तयार नव्हता. फेलिस्ता सकाळभर त्याच्याबरोबर जाळं ओढत बसली. दुपारी तो म्हणाला, “बाई, तुम्हाला जाळं काही ओढता येत नाही. त्यापेक्षा मी येतो तुमच्याबरोबर.” काटोंगो हा सायकली दुरुस्त करणारा निघाला. तो हाक मारताच आला. पण येताना चार बायकांनी त्याला वाटेत अडवलं, कारण त्यांच्या नात्यानं तो सासरा आणि सासऱ्यानं असं बनियनवर जायचं म्हणजे काय! सदरा घालूनच त्याला जीपमध्ये बसू दिलं.

सगळ्यात छळलं ते पाद्री पुलेनं. “मी तो मणी नदीत फेकला,” तो ताठ मानेनं म्हणाला. “मेलेल्यांची नावं चालवणं मी सोडलंय.”

“तुमच्या पवित्र पुस्तकात अमक्याचा मुलगा तमका, तमक्याचा मुलगा फलाणा, अशी पानंच्या पानं आहेत,” फेलिस्ता म्हणाली. “ती तुम्ही गाळता का वाचताना?”

“ते वेगळं.”

“काय वेगळं? ह्या अकरांचं पान कुणी लिहिलंच नाही, एवढंच ना? पाद्रीबाबा, तुम्ही पूजा करू नका, मणी बांधू नका. नाव पुकारल्यावर ‘ओ’ द्या फक्त. नावाला ‘ओ’ न देणं हे कुठल्या धर्मात बसतं?”

पुलेनं दार लावून घेतलं. दुसऱ्या दिवशी रविवारचा सूट चढवून रस्त्यावर उभा होता.

असे दहा झाले. अकरावा होईना.

“योना गोंद्वे,” मोफ्यानं सांगितलं. “तो आपल्याकडचा नव्हता. हद्दीपलीकडच्या न्यासालँडहून चालत कामाला आलेला. कुळ कोणतं, आई कोण, काही कुणाला ठाऊक नाही. फार हसायचा. दहा जणांना आम्ही उकरून काढलं, ज्याच्या त्याच्या घरी नेलं. हा सगळ्यात खालच्या टोकाला. सापडलाच नाही. दुसऱ्या दिवशी त्यांनी वर काँक्रीट ओतलं. मी सांगितलं साहेबाला, अजून एक आहे. साहेब म्हणाला, पावसाआधी काम उरकायचंय.” मोफ्यानं मनगटातला मणी फिरवला. “नाव द्यायला घरचं माणूस लागतं. त्याचं इथे कुणी नव्हतं. तसंच राहिलं.”

मग जेरे चाचरत म्हणाला, “मॅडम, मी उभा राहू का? आमचं गाव त्या हद्दीलाच लागून आहे. दोन मिनिटांचा तर प्रश्न. ओळ पुरी दिसेल.”

फेलिस्ताला मोह झाला, खोटं कशाला सांगू! अकराची ओळ चौकटीत कशी दिसेल हे तिच्या डोळ्यांपुढे आलंसुद्धा.

“नाही,” मोफ्या म्हणाला. “पोरा, तुझं मन चांगलं आहे. पण नाव म्हणजे काय उसना कोट आहे? घातला, फोटो काढला, परत दिला? एकाला खोटं उभं केलं की दहाही खोटे होतील.”

“बरोबर आहे,” फेलिस्ता म्हणाली. स्वतःच्या मोहाची तिला लाज वाटली. “दहाच उभे राहतील.”

परतताना जीप वीजघराच्या फाट्याला लागली तेव्हा मोफ्या बोलला. “बाई, एक राहिलंय. सकाळची हजेरी मी घेतली होती. ती मुकादमाची. संध्याकाळची साहेबानं घ्यायची असते. हजेरी घेऊन साहेब ‘सुटी’ म्हणाला की मग टोळी घरी जाते. त्याआधी कुणी जागा सोडायची नाही असा नियम होता. त्या संध्याकाळी साहेब आलाच नाही.”

फेलिस्तानं जीप थांबवायला लावली. उतरली आणि तशीच धुळीनं भरलेली कापाम्पांच्या कचेरीत शिरली.

*

“म्हणजे माझ्या तोंडून मेले असं वदवून घ्यायचंय तुम्हाला,” सगळं ऐकून कापाम्पा म्हणाले.

“मेले असा एक शब्द बोलू नका. नावं पुकारा फक्त. मुख्य कार्यालयाचं पत्र आहे ना तुमच्याकडे, वीजघराचं रोजचं काम फिल्ममध्ये दिसलं पाहिजे म्हणून? हजेरी हे रोजचंच काम आहे.”

“फार पोहोचलेल्या आहात तुम्ही.”

“चौतीस वर्षं सरकारी नोकरी केलीय, साहेब.”

कापाम्पा खिडकीतून बाहेर बघत राहिले. बाहेर दहा माणसं सावलीला बसली होती. सुटातला पाद्री, सायकलवाला, शिक्षिका. चितालु आजीही हट्टानं आल्या होत्या आणि शिक्षिकेपुढे गुडघ्यांवर बसून तिच्या बुटांवरची धूळ नेसूच्या टोकानं पुसत होत्या. कापाम्पांनी टेबलाचा खण उघडला आणि हजेरीबुक काढलं. नवं, कोरं. मोफ्यानं सांगितलेली अकरा नावं त्यांनी ओळीनं त्यात उतरवली.

पाच वाजता सगळे जुन्या पाटाच्या तोंडाशी उतरले. जिथे चर होता तिथे आता काँक्रीटचा ओटा आहे आणि त्याला लागून पाणी टर्बाइनकडे जाणाऱ्या मोठ्या नळात शिरतं. मोफ्यानं एकेकाला त्याच्या जागी नेऊन उभं केलं. वरच्या टोकाला चोला, मग पुले, कापेंब्वा, काटोंगो, आणि पुढचे सहा. खालच्या टोकाला एका माणसाची जागा सोडली आणि त्यापुढे स्वतः मोफ्या उभा राहिला.

“ती फट जरा भरून घ्या की,” कापाम्पा म्हणाले. “चित्रात बरी नाही दिसत.”

“ती जागा गोंद्वेची आहे,” मोफ्या म्हणाला.

फेलिस्तानं कॅमेरा चालू केला. जेरेनं माइक वर धरला.

“चोला,” कापाम्पांनी पुकारलं.

“मुक्वाई!” एनिडनं ‘ओ’ दिली. चितालु आजींनी एकदम डोळ्यांवर हात घेतले.

“पुले.”

“मुक्वाई,” पाद्री म्हणाला. आवाज लहान आला, म्हणून पुन्हा मोठ्यानं म्हणाला, “मुक्वाई!”

पहिली तीन-चार नावं कापाम्पांनी कागद वाचावा तशी वाचली. मग त्यांचं वाचणं हळू झालं. प्रत्येक नावानंतर ते मान वर करून त्या माणसाकडे बघू लागले, तो हो म्हणेपर्यंत थांबू लागले आणि मग वहीत खूण करू लागले. दहा नावं झाली. दहा जणांनी ‘ओ’ दिली.

“योना गोंद्वे.”

नळात शिरणाऱ्या पाण्याचा आवाज तेवढा आला.

“योना गोंद्वे,” कापाम्पा पुन्हा म्हणाले. ह्या वेळी जरा मोठ्यानं, खरंच कुणी दूरवर असल्यासारखं. मग बावीस वर्षांच्या सवयीनं त्यांचं पेन वहीवर गेलं.

“साहेब,” मोफ्या म्हणाला, “गैरहजर लिहू नका. तो कामावरच आहे.”

कापाम्पांचं पेन थांबलं. त्यांनी खाली, पायांखालच्या काँक्रीटकडे पाहिलं. मग पाय उचलून ते हळूच ओट्यावरून खाली उतरले, मातीत उभे राहिले आणि तिथून वहीत ‘हजर’ लिहिलं. सही केली. तारीख घातली.

“बाई,” ते फेलिस्ताकडे न बघता म्हणाले, “आलं का सगळं?”

“आलं.”

“ह्यातलं अक्षरही कापू नका. मी बघतो लुसाकाचं.” त्यांनी वही मिटली आणि ओळीकडे वळून म्हणाले, “सुटी.”

फेलिस्तानं कॅमेरा बंद केला नाही. माणसं आपापल्या जागा सोडून, ओळ न मोडता, एकामागून एक पायऱ्या चढू लागली. दहावा वर पोहोचला. खाली मोफ्या एकटा राहिला. पहिल्या पायरीपाशी तो बाजूला सरून थांबला, एका माणसाला वर चढून जायला लागतो तेवढा वेळ. मग त्यानं पाय उचलला.